माऊथ ऑर्गन नसलेली रेकॉर्ड

३ फेब्रुवारी

प्रिय मामा,

नमस्कार उभ्याउभ्याच घे, बसून लिहायला मला धीर नाही. टेपा सापडल्या. थोरल्या बाईंच्या 'दार लोटून ये' या रेकॉर्डच्या मूळ टेपा. त्या जळाल्या, भिजल्या, कुणीतरी पळवल्या असं आमच्या कंपनीत जो तो वेगळं सांगायचा, आणि त्या होत्या आमच्याच तळघरात, 'टूथपेस्ट जाहिरात' असं लिहिलेल्या खोक्यात. काखेत कळसा म्हणतात तो हाच. मी शिंकत शिंकत खोकं उघडलं, पहिली टेप यंत्रावर चढवली आणि बाई गायला लागल्या. मामा, मी खुर्चीत होते ती खाली जमिनीवर कधी येऊन बसले ते माझं मलाच कळलं नाही.

साहेबांनी रेकॉर्ड नव्यानं काढायची ठरवली आहे आणि टेपांवरची खरखर, घरघर काढून आवाज धुऊनपुसून द्यायचं काम माझ्याकडे आलं आहे. माझ्यापेक्षा जुने ध्वनिमुद्रक कंपनीत आहेत, त्यांची तोंडं बघण्यासारखी झाली आहेत. पण त्यांच्यापैकी कुणाला ही रेकॉर्ड मामाच्या मांडीवर बसून पाठ झालेली नाही. आमच्या घरात ती लावायची सोयच नव्हती. ब्लूज म्हणजे काय ते तूच शिकवलंस मला. आपलं रडगाणं एकदा सांगायचं, कुणी ऐकलं नसेल म्हणून तेच परत सांगायचं, आणि तिसऱ्या ओळीत त्याला असं उत्तर द्यायचं की रडगाण्यालाही हसू यावं.

फोनच करणार होते, पण फोनवर तुझ्या कानातलं यंत्र शिट्ट्या मारतं आणि तू निम्मं ऐकून 'हो हो' म्हणतोस. म्हणून हे पत्र, आणि त्यात दोन प्रश्न.

एक. शेवटच्या गाण्यानंतर कुणीतरी खोकतं. तो तू आहेस ना? तू त्या दिवशी पियानोचे सूर लावायला तिथे होतास, इतकं मला माहीत आहे.

दोन. बाबांचं काय झालं? बाईंच्या आधीच्या प्रत्येक रेकॉर्डमध्ये बाबांचा माऊथ ऑर्गन आहे. बाई एक ओळ गायच्या आणि बाबा तिला चिडवल्यासारखं उत्तर द्यायचे, लोक तेवढ्यासाठी रेकॉर्डी घ्यायचे. आणि जी सगळ्यात गाजली नेमकी तिच्यातच ते नाहीत. त्यानंतर त्यांनी बाईंकडे जाणं सोडलं, मग वाजवणंच सोडलं आणि बॅटऱ्यांचं दुकान काढलं. तुम्ही दोघंही तेव्हापासून हवापाण्यापलीकडे एकमेकांशी बोलत नाही. रेकॉर्डसोबतच्या पुस्तिकेत लिहायला साहेब कारण मागताहेत. साहेबांचं सोड, मलाच हवं आहे.

तुझी,
टिटवी


१० फेब्रुवारी

चि. टिटवी,

मामा-मामीचे भरघोस आशीर्वाद. त्यातले जास्त मामीचे, कारण तुझं पत्र तिनं आधी उघडलं आणि मोठ्यानं वाचून दाखवलं. शेजाऱ्यांनाही कळलं असेल.

पोरी, तू खुर्चीतून खाली बसलीस, मी खुर्चीतून उठलो आणि खोलीतल्या खोलीत फेऱ्या मारल्या. टूथपेस्ट! आम्ही तेव्हा रेकॉर्डिंगच्या खोलीबाहेर ज्या बाकावर चहा प्यायचो, त्याच्याखालचं खोकं असणार ते.

खोकला माझाच. गाणं संपेपर्यंत दाबून धरला होता, आणि यंत्र बंद झालं असं समजून सोडला. बाईंनी माझ्याकडे असं बघितलं की मला वाटलं, आता मी परत कुठे खोकणार नाही. पण ध्वनिमुद्रकाला त्या म्हणाल्या, "राहू दे. गाणं ऐकून कुणाचा तरी घसा दाटला असं लोकांना वाटेल."

बाई तेव्हा साठी ओलांडलेल्या. येताना घरची उशी घेऊन आल्या होत्या. चपला दाराशी काढल्या, उशी स्टुलावर ठेवली, पर्समधून विणकाम काढलं आणि दोन गाण्यांच्या मध्ये हातमोजा विणत बसल्या. मोजा कुणाचा विचारलं तर म्हणाल्या, "ज्याला थंडी वाजेल त्याचा." पियानोवाला घाबरट होता, पण बोटं चांगली. गिटारवाला आणि बासवाला सख्खे भाऊ, आपसात भांडल्याशिवाय त्यांचा ठेका बसायचा नाही. बाई सुया खाली ठेवायच्या, डोळे मिटायच्या आणि एका दमात गाणं संपवायच्या. दुसऱ्यांदा क्वचितच गायल्या. मी कोपऱ्यात तारा पिळायची किल्ली घेऊन बसलो होतो, कारण पियानो त्या दिवशी अंगात आल्यासारखा सारखा जागचा हलत होता. प्रत्येक गाण्यानंतर मला उठून त्याला दटावून परत खाली बसवावं लागत होतं.

तुझ्या बाबांचं म्हणशील तर त्या दिवशी त्यांना बरं नव्हतं की काय, असं काहीतरी होतं. मला आता नीट आठवत नाही. पुस्तिकेत विणकामाचं लिही, लोकांना आवडेल.

तुझा,
मामा


१८ फेब्रुवारी

प्रिय मामा,

आज कंपनीत लोक मला जिन्यावर वाट करून देताहेत. ऐक, काय झालं ते.

टेपा साफ करून झाल्यावर मी सूर तपासायला घेतले. पियानो जगातल्या कुठल्याच पट्टीत बसेना. एका पट्टीच्या खाली, दुसरीच्या वर, मधल्या फटीत अडकलेला. गिटार आणि बास पियानोवरूनच सूर लावतात, त्यामुळे तेही तेवढेच खाली. मी दोन दिवस डोकं धरून बसले. मग विचार केला, पियानो हयगयीनं उतरला असेल तर वेडावाकडा उतरेल, इथे तर सगळे सूर अगदी सारखे खाली आहेत. आणि मुख्य म्हणजे कोपऱ्यात कोण बसलं होतं? माझा मामा. मामाच्या डोळ्यांदेखत पियानो असा खाली राहील? सूर्य पश्चिमेला उगवेल एकवेळ.

म्हणजे चूक पियानोची नाही, यंत्राची. ध्वनिमुद्रण करताना टेप जरा जोरात पळाली, म्हणून आता लावली की ती सुस्त आणि खालच्या सुरात वाजते. जुनी रेकॉर्डही याच टेपांवरून निघाली. इतकी वर्षं सगळं जग बाईंना चुकीच्या सुरात ऐकत आलं आहे, मामा, आणि ते तुझ्या टिटवीनं पकडलं. माऊथ ऑर्गन असता तर लगेच पडताळा मिळाला असता, कारण त्याचा सूर कुणाला तारेसारखा पिळून वरखाली करता येत नाही. तो नाही म्हणूनच हे आजवर कुणाच्या लक्षात आलं नसावं.

मी वेग वाढवला, पियानो बरोबर आपल्या जागी येऊन बसला, आणि बाईंचा आवाज काय उजळला म्हणून सांगू. दहा वर्षांनी लहान वाटतात. गाणी पळायला लागली आहेत. साहेब ऐकता ऐकता टेबलावर ताल धरत होते. पोस्टरवर छापणार आहेत, 'प्रथमच, बाईंचा खरा आवाज'. पंधरा मार्चला छपाई सुरू. नमुन्याची रेकॉर्ड सोबत पाठवते आहे, सगळ्यात पहिली तुला.

आता तुझी थाप. आई म्हणते, बाबा त्या दिवशी ठणठणीत होते. नवीन शर्ट घालून, माऊथ ऑर्गनची पेटी घेऊन गेले आणि तासाभरात परत आले. दारातच त्यांना सांगितलं होतं की आज बाईंना बाजा नको आहे. दाराच्या काचेतून त्यांना आत तू दिसलास. तूही त्यांना बघितलंस आणि मान खाली घातलीस. त्यांना आजही वाटतं की तूच बाईंचे कान भरलेस. तसं नाही हे मला माहीत आहे. पण मग काय आहे ते सांग ना.

तुझी,
टिटवी


२५ फेब्रुवारी

चि. टिटवी,

रेकॉर्ड मिळाली. कानातल्या यंत्रावर माझा भरवसा नाही, म्हणून लाकडी फूटपट्टी दातात धरली आणि तिचं दुसरं टोक स्पीकरला टेकवलं. हाडातून मला अजून लख्ख ऐकू येतं. मामी म्हणाली, "आता रेकॉर्ड खाऊन बघायचीच राहिली."

काम फार स्वच्छ केलं आहेस. पण छपाई थांबव. वेग होता तसा ठेव.

कारण आत्ता विचारू नकोस. मला एका ठिकाणी पत्र टाकायचं आहे आणि उत्तर येईपर्यंत माझं तोंड बांधलेलं आहे. पियानो त्या दिवशी जिथे असायला हवा होता तिथेच होता, एवढंच आत्ता लिहितो.

मामा


१ मार्च

प्रिय मामा,

तुझं पत्र मी साहेबांना दाखवलं नाही. काय म्हणून दाखवू? मामानं फूटपट्टी चावली आणि छपाई थांबवायला सांगितलं म्हणून?

ताकाला जाऊन भांडं लपवू नकोस. पोस्टर छापून झालं आहे. साहेब चार लोकांत माझं नाव घेऊन सांगताहेत की या मुलीनं बाईंचा खरा आवाज शोधून काढला. आता मी जाऊन काय सांगू, वेग होता तसा ठेवा, का ते माहीत नाही?

मला एकच शंका येते. पियानो खाली होता असं मी लिहिलं, ते तुला लागलं का? अरे, मी तर उलट तुझी बाजू घेतली. आणि राग मानू नकोस, पण इतक्या वर्षांनंतर, दातातून ऐकून, इतका बारीक फरक तुला कळला असेल? माझ्याकडे सूर मोजायची यंत्रं आहेत, मामा. ती खोटं बोलत नाहीत.

बाबांबद्दल मी विचारलं होतं. तू परत मूग गिळून बसलास. छपाईला दोन आठवडे आहेत.

टिटवी


४ मार्च

किल्लीवाले,

तुमचं पत्र आणि तुम्ही पाठवलेली रेकॉर्ड मिळाली. हात थरथरतो, म्हणून अक्षर असं कोंबडीचे पाय उमटल्यासारखं आलं आहे. डोकं ठीक आहे.

रेकॉर्ड लावली. खरं सांगते, पहिल्यांदा ऐकली तेव्हा मी आरशासमोर जाऊन केस नीट केले. काय गोड आवाज. दुसऱ्यांदा मुद्दाम सुख घ्यायला लावली. तिसऱ्यांदा मात्र माझ्या मनात आलं, ही बाई कोण? हिचे गुडघे दुखत नाहीत. ही जिना चढताना मध्ये थांबत नाही. आणि ती गाते आहे की दार लोटून ये, मला उठवत नाही. अगं, मग उठवत नाही कशाला म्हणतेस, पळत जा की.

तेव्हा मी तुम्हाला गप्प राहायला सांगितलं, कारण कंपनीनं एक तरुण मुलगी बाहेर तयार बसवून ठेवली होती. बाईंचा आवाज उतरला एवढे तीन शब्द कुणी उच्चारायचा अवकाश, की उशी उचलून मला घरी जावं लागलं असतं. आज मला कोण घालवणार? ती मुलगीही आता आजी झाली, परवाच भेटली होती, तिचाही आवाज उतरला आहे.

तुमच्या मेव्हण्याला, फुंकरला, नाही म्हणून सांगितलं ते मात्र मला अजून टोचतं. पण तुम्हीच सांगा, त्याच्या तोंडात तीळ तरी भिजला असता का? संध्याकाळपर्यंत गावभर झालं असतं. शिवाय त्याच्या बाजाला खाली कसं आणणार होतो? नंतर सांगू म्हटलं, तर तो परत आलाच नाही. मानी माणूस. मीही काही कमी नाही.

तुम्हाला वचनातून मोकळं केलं. सगळ्यांना सांगा. त्याला सगळ्यात आधी.

थोरली


६ मार्च

चि. टिटवी,

सोबत बाईंचं पत्र आहे, ते आधी वाच. मग हे वाच आणि मग मला हवं ते बोल.

तुझी यंत्रं खोटं बोलत नाहीत. पियानो खालीच होता. मीच उतरवला होता.

आदल्या दिवशी दुपारी बाई एकट्या आल्या. पियानोवर एक सूर वाजवला, त्याच्यापर्यंत गाऊन बघितलं, आणि पोहोचल्या नाहीत. अगदी थोडक्यात राहिल्या. मी म्हटलं, पियानोवाल्याला अख्खी एक पट्टी खाली वाजवायला सांगू. तर म्हणाल्या, "सांगितलं की संपलंच. आणि अख्खी पट्टी खाली गेलं तर गाणं झोपेल. मला पट्टी नको, हवेतला एवढासा गारवा कमी करा, कुणाला कळणार नाही असा." मी त्यांच्याकडे बघितलं आणि किल्ली उचलली. संध्याकाळपर्यंत सगळ्या तारा सारख्या ढिल्या केल्या. उतरवलेला पियानो परत वर चढू बघतो, म्हणून दुसऱ्या दिवशी मी कोपऱ्यात ठाण मांडून होतो. तुला लिहिलं होतं ना, त्याला दटावून खाली बसवत होतो म्हणून. काम झाल्यावर पियानो परत होता तसा केला.

गिटारवाल्यांना कळलंच नाही, त्यांनी कान पिळले आणि सूर मिळवला. पण माऊथ ऑर्गनच्या पितळी पत्त्यांना कोण पिळणार? तुझे बाबा सूर वाकवण्यात उस्ताद, पण सगळे सूर वाकत नाहीत. पहिल्याच फुंकेला त्यांचा बाजा आणि आमचा पियानो एकमेकांच्या अंगावर धावून गेले असते, आणि बाहेरची मुलगी आत आली असती. ते काचेपाशी उभे होते, नवीन शर्टात. मी मान खाली घातली, कारण वर बघितलं असतं तर बोललो असतो.

तू काय केलंस माहीत आहे? जखम मांडीला आणि मलम शेंडीला. पण मामावरच्या विश्वासानं केलंस, म्हणून मला रागही येत नाही आणि हसूही आवरत नाही. आता पळ.

मामा


९ मार्च

प्रिय मामा,

पळाले. अजून धाप लागली आहे, अक्षर समजून घे.

पत्रं वाचली आणि आधी मूळ टेपांकडे धावले, न धुतलेल्या. प्रत्येक टेपेवर विजेची एक बारीक गुणगुण येते. तिचा सूर वीजघर ठरवतं, तो कुणा गवयाच्या बापाला हलवता येत नाही. मी पहिल्याच दिवशी ती घाण म्हणून पुसून टाकली होती. म्हणजे साक्षीदाराला मीच घालवून दिलं आणि मग दोन दिवस डोकं धरून बसले. आज ती परत ऐकली, आणि ती अगदी आपल्या जागेवर होती. टेप बरोबर वेगानं चालली होती. तुझे दात बरोबर होते. मी जे लिहिलं त्याबद्दल माझा कान पकडायला तू इथे नाहीस, म्हणून मी स्वतःच पकडला आहे.

साहेबांकडे गेले. ते म्हणाले, तरुण आवाज जास्त खपेल, पोस्टर छापून झालं आहे, आणि उद्या बाईच नको म्हणाल्या तर? मी बाईंचं पत्र पुढे केलं. त्यांनी ते उभ्यानं वाचलं, मग बसून वाचलं. गुडघ्यांच्या ओळीपाशी स्वतःचा गुडघा चोळला. म्हणाले, "जुन्या वेगानं काढा. पोस्टर तेच राहू दे. 'प्रथमच, बाईंचा खरा आवाज'. आता ते खरं आहे." मामा, मी त्या म्हाताऱ्याला मिठी मारणार होते, टेबल मध्ये आलं.

मग दुकानात गेले. बाबा कुणाची तरी टॉर्च तपासत होते. मी बाईंचं पत्र काउंटरवर ठेवलं, त्याच्यावर तुझं ठेवलं. बाबांनी दोन्ही वाचली आणि टॉर्च लावत विझवत राहिले. गिऱ्हाईक म्हणालं, "चालते ना?" बाबा म्हणाले, "चालत होतीच. मला वाटलं बिघडली."

भरदुपारी दुकान बंद केलं. मी शाळेत असल्यापासून असं झालेलं मला आठवत नाही. घरी येऊन म्हणाले, लाव. मी जुन्या वेगाची रेकॉर्ड लावली. पहिली बाजू त्यांनी उभ्यानं ऐकली, भिंतीला टेकून. बाई एक ओळ गायच्या आणि पुढच्या रिकाम्या जागेत बाबांचे ओठ हलायचे. मामा, त्या जागा बाईंनी रिकाम्या सोडल्या आहेत. मी ही रेकॉर्ड इतकी वर्षं ऐकली आणि मला वाटायचं, त्या श्वास घेताहेत. त्या वाट बघताहेत.

दुसऱ्या बाजूच्या आधी बाबांनी माळ्यावरून पेटी काढली. एकेक बाजा फुंकून बघितला. सगळे थोडे थोडे वर. अगदी थोडे, पण कानाला खुपेल इतके. "बाई खरं बोलल्या," ते म्हणाले. "बसलाच नसता." इतक्या आनंदानं कुणी आपलं वाद्य बसत नाही असं म्हटलेलं मी ऐकलं नव्हतं. मग पेटी मिटली. पण तेव्हापासून त्यांचा हात सारखा वरच्या खिशाकडे जातो आणि रिकामा परत येतो.

आईनं पेटीतला एक बाजा गुपचूप काढून या पाकिटात घातला आहे. तिला काय म्हणायचं आहे ते तिनं लिहिलेलं नाही. म्हणाली, "दादाला कळेल."

टिटवी


१९ मार्च

चि. टिटवी,

तुझ्या आईला म्हणावं, कळलं.

पितळी पत्ती मुळाशी हलकेच खरवडली की तिचा सूर उतरतो. जास्त खरवडली तर पत्ती मेली. मी आयुष्यभर तारा पिळल्या, पत्त्या कधी केल्या नव्हत्या. मामीनं भिंग धरलं, मी नादकाटा कानामागच्या हाडाला लावून नेहमीचा सूर ताडला आणि फूटपट्टीनं बाईंच्या रेकॉर्डमधला पियानो दातात धरून एकेक पत्ती तिथपर्यंत खाली आणली. सारखं वाटत होतं की आता बिघडणार. मामी म्हणाली, "लग्नात अक्षता पडताना तुझा हात इतका थरथरला नव्हता."

बाजा सोबत पाठवतो आहे. तो आता जगातल्या कुठल्याही वाद्याबरोबर वाजणार नाही. फक्त एका रेकॉर्डबरोबर वाजेल. त्यांच्या वरच्या खिशात ठेव, काही बोलू नकोस.

मामा


२६ मार्च

शालकबुवा,

मला पत्रं लिहिता येत नाहीत. मुलगी म्हणते, येईल तसं लिहा.

बाजा मिळाला. पोरीनं खिशात टाकला, तिला वाटलं मला कळलं नाही. दुकानात गिऱ्हाईकांसमोरच फुंकून बघितला आणि तसाच घरी आलो. रेकॉर्ड लावली. पहिल्या ओळीनंतर बाईंनी जागा सोडली आहे तिथे शिरलो, आणि बसलं, रे. असं बसलं की तुझी बहीण स्वयंपाकघरातून हात पुसायचीही विसरून बाहेर आली. दम पुरत नाही पूर्वीसारखा. पण बाईही त्यात दमलेल्याच आहेत, त्यामुळे आमचं जमलं. दोन्ही बाजू वाजवल्या. रविवारी बाईंकडे जाणार आहे, रेकॉर्ड आणि बाजा घेऊन. त्यांना आधी कळवलेलं नाही.

शेवटच्या गाण्यात तू खोकतोस, तेही पहिल्यांदाच ऐकलं. त्या दिवशी काचेतून मला तू दिसलास, तुझं तोंड काही दिसलं नाही. ते कसं होतं, ते आता खोकल्यावरून कळलं.

एक तक्रार आहे. चौथ्या भोकातली, श्वास आत ओढताना वाजते ती पत्ती अजून केसभर चढी आहे. तुझ्या दाताखालून निसटली असणार. बाजा पोस्टानं परत पाठवणार नाही, आता तो माझ्या खिशातून हलत नाही. तूच कानस घेऊन ये. वहिनींनाही आण, भिंग धरायला. बॅटरीवाल्याच्या घरची बेल कधीची बंद आहे, तेव्हा दार लोटून ये.

फुंकर